लग्नांत संमति कोणाची?
(मंडळ्यांतील अभ्यासवर्गासाठीं एक पाठ)

लग्नाच्या बाबतींत आपल्या गांवांतून एक वाक्य वारंवार ऐकूं येतें : "मुलगी आमची आहे, आम्ही देऊं तेथें ती जाईल." या वाक्यांत माया आहे, चिंता आहे, आणि पुष्कळदां अभिमानहि आहे, परंतु कायद्याचा आधार मात्र त्याला नाहीं. मुलगी १८ वर्षांची व मुलगा २१ वर्षांचा झाला म्हणजे त्यांनीं कोणाशीं लग्न करावें हें ठरविण्याचा अधिकार त्या दोघांचाच असतो. तो आईबाप, भाऊबंद, जातीचे पंच किंवा गांव यांपैकीं कोणाच्याहि परवानगीवर अवलंबून नाहीं. ही गोष्ट स्पष्टपणें ठाऊक नसल्यामुळें दोन्हीकडून नुकसान होतें. तरुण माणसें भयानें रातोरात घर सोडून जातात. आणि वडील माणसें रागाच्या भरांत असें कांहीं करून बसतात कीं, ज्याबद्दल पुढें त्यांना आरोपी म्हणून कोर्टांत उभें राहावें लागतें. यास्तव या पाठांत आपण तीन गोष्टींचा विचार करूं : हा अधिकार कसा मिळाला, तो आज कोठवर पोहोंचतो, आणि त्यांत आईबापांचें स्थान कोणतें.

१. रखमाबाईंचा खटला

रखमाबाईंचा जन्म १८६४ सालीं मुंबईस सुतार जातीच्या कुटुंबांत झाला. वडील लवकर वारले. आईनें डॉक्टर सखाराम अर्जुन यांच्याशीं पुनर्विवाह केला, व त्या घरांत मुलीला विद्येची गोडी लागली. त्या ११ वर्षांच्या असतां त्यांचें लग्न दादाजी भिकाजी नांवाच्या १९ वर्षांच्या तरुणाशीं लावून देण्यांत आलें. पुढें वयांत आल्यावर त्यांनीं त्याच्या घरीं नांदावयास जाण्याचें नाकारलें. त्यांचें म्हणणें थोडक्यांत इतकेंच होतें कीं, ज्या लग्नाला मीं समजून-उमजून संमति दिली नाहीं, तें माझ्यावर बंधनकारक कसें व्हावें?

दादाजीनें १८८४ सालीं मुंबईच्या हायकोर्टांत दावा लाविला. सप्टेंबर १८८५ मध्यें न्यायमूर्ति पिन्हे यांनीं रखमाबाईंच्या बाजूनें निकाल दिला. तरुण स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध अशा पुरुषाच्या स्वाधीन करणें त्यांना रानटीपणाचें वाटलें. परंतु अपिलांत तो निकाल टिकला नाहीं, व खटला पुन्हा चालला. मार्च १८८७ मध्यें न्यायमूर्ति फॅरन यांनीं हुकूम केला कीं, बाईनें नवऱ्याच्या घरीं जावें, नाहीं तर सहा महिने तुरुंगांत जावें. रखमाबाईंनीं तुरुंग पत्करण्याची तयारी दाखविली. साऱ्या देशांत खळबळ उडाली. लोकमान्य टिळकांच्या 'केसरी'नें त्यांच्याविरुद्ध लिहिलें. बेहरामजी मलबारी, पंडिता रमाबाई यांनीं त्यांची बाजू घेतली. शेवटीं १८८८ सालीं दोन हजार रुपये घेऊन दादाजीनें आपला हक्क सोडला. रखमाबाई विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या, आणि परत येऊन सुरतेस व नंतर राजकोट येथें स्त्रियांच्या इस्पितळांत त्यांनीं अनेक वर्षें सेवा केली. १९५५ सालीं त्या निवर्तल्या. डहाणूहून सुरतेकडे आगगाडीनें जाणाऱ्या आपल्या लोकांनीं हें नांव लक्षांत ठेवण्यासारखें आहे.

या खटल्याचे परिणाम हळूहळू झाले. १८९१ सालीं संमतिवयाचा कायदा होऊन तें वय १० वरून १२ वर आलें. १९२३ सालीं नांदावयास न जाणाऱ्या माणसाला तुरुंगांत टाकण्याची तरतूद रद्द झाली. १९२९ च्या सारडा कायद्यानें लग्नासाठीं मुलीचें वय १४ व मुलाचें १८ ठरविलें. आणि १९७८ सालीं तीं वयें १८ व २१ झालीं. वय वाढत गेलें त्याचा अर्थ इतकाच कीं, ज्याला 'हो' किंवा 'नाहीं' म्हणतां येतें त्यालाच विचारावें.

२. आपल्या तालुक्यांतील लग्नगडी

रखमाबाईंच्या बाबतींत निवड हिरावली ती घरच्या माणसांनीं व समाजानें. डहाणू व तलासरीकडे मात्र गोष्ट निराळ्या वाटेनें गेली, आणि ती आपण विसरतां कामा नये.

येथील वारली समाजाच्या जुन्या रीतींत मुलामुलींच्या पसंतीला बरेंच स्थान होतें. विधवेला पुन्हा घर करतां येई; न पटल्यास वेगळें होतां येई; लग्नाचा विधि धवलेरी, म्हणजे लग्नाचीं गाणीं म्हणणारी स्त्री, लावी. हुंडा नव्हता, उलट मुलाकडून मुलीच्या बापाला देज द्यावें लागे. पैसा नसेल तर मुलगा घरजांवई होऊन सासऱ्याच्या शेतावर राबे, किंवा तीं दोघें एकत्र संसार करूं लागत व लग्न पुढें सवडीनें लागे. अशा समाजांत तरुणांच्या निवडीआड कोण आलें? सावकार आला.

देज, धान्य व ताडी यांसाठीं तरुण जमीनदाराकडून थोडेसे रुपये उसने घेई, आणि त्यांच्या फेडीसाठीं त्याच्या घरीं राबण्याचें कबूल करी. यालाच लग्नगडी म्हणत. लग्न एका दिवसाचें, परंतु गुलामगिरी जन्माची! तो राबे, त्याची बायको राबे, आणि कर्ज कांहीं केल्या फिटत नसे. त्या स्त्रीच्या अब्रूवरहि कित्येकदां घाला पडे. मे १९४५ मध्यें तलासरीजवळ झरी येथें हजारों वारली जमले, व वेठ करावयाची नाहीं असें त्यांनीं ठरविलें. त्या चळवळींत लग्नगडी मोकळे झाले. या चळवळीच्या पुढारी गोदावरी परुळेकर यांनीं 'जेव्हा माणूस जागा होतो' या १९७० सालीं निघालेल्या पुस्तकांत हा सर्व वृत्तान्त सांगितला आहे. पुढें १९७६ च्या कायद्यानें देशांतील सर्व वेठबिगारी बेकायदा ठरली, व तिच्यांत अडकविणारीं कर्जेंहि रद्द झालीं.

या इतिहासावरून एक धडा मिळतो. ज्याच्या हातीं लग्नाच्या खर्चाची थैली, त्याच्याच हातीं लग्नाची दोरी जाते. आजहि मुलामुलींची पसंती मोडण्यास जातीचा अभिमान कारण होतो, तसेंच "आम्ही मंडपाचें कर्ज काढलें आहे, आतां तूं नाहीं म्हणूं नकोस" हें बोलणेंहि कारण होतें. साधें लग्न करणें ही केवळ काटकसर नव्हे. तें तरुणांच्या संमतीचें रक्षण आहे.

३. आजचा कायदा काय म्हणतो

१८७२ सालीं दोन कायदे झाले. एक ख्रिस्ती विवाहाचा, आणि दुसरा नोंदणी-विवाहाचा. दुसऱ्याचा उपयोग करावयाचा तर आपण हिंदु, मुसलमान, ख्रिस्ती इत्यादि कोणत्याच धर्माचे नाहीं असें दोघांना लिहून द्यावें लागे, आणि वय २१ च्या आंत असल्यास बापाची किंवा पालकाची संमति लागे. १९१९ सालीं शाहू छत्रपतींनीं कोल्हापूर संस्थानांत आंतरजातीय व आंतरधर्मीय लग्नांना मान्यता देणारा कायदा केला. सबंध देशासाठीं १९५४ सालीं नवा विशेष विवाह कायदा आला. त्यांत धर्म सोडण्याची अट नाहीं, आणि आईबापांच्या संमतीचीहि नाहीं. अटी एवढ्याच : दोघांपैकीं कोणाचाहि पति वा पत्नी हयात नसावी, दोघें संमति देण्यास समर्थ, म्हणजे शुद्धीवर असावीं, मुलगा २१ व मुलगी १८ वर्षांची असावी, आणि नातें निषिद्ध नसावें.

आदिवासी बांधवांनीं एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. १९५५ चा हिंदु विवाह कायदा, केंद्र सरकारनें तसें खास जाहीर केल्याखेरीज, अनुसूचित जमातींना लागू होत नाहीं. त्यांचीं लग्नें त्यांच्या रीतीनें होतात. परंतु रीतीला मान आहे म्हणून रीतीच्या नांवानें सज्ञान माणसावर जुलूम करतां येत नाहीं. कारण घटनेच्या २१ व्या कलमानें जीविताचें व स्वातंत्र्याचें रक्षण प्रत्येक व्यक्तीला दिलें आहे, आणि तें जमातीच्याहि वर आहे. रीतीनें झालेल्या लग्नाची नोंद ग्रामसेवकाकडे करून ठेवावी, म्हणजे पुढें पुराव्याची अडचण पडत नाहीं.

ख्रिस्ती विवाहाच्या कायद्यांत एक बारकावा आहे, तो उपदेशकांनीं विशेष जाणावा. त्या कायद्यांत 'अज्ञान' याचा अर्थ ज्याला २१ वर्षें पूर्ण झालीं नाहींत व जो विधुर किंवा जी विधवा नाहीं, असा केलेला आहे. आणि अशा व्यक्तीच्या लग्नास बापाची संमति सांगितली आहे. म्हणजे १९ वर्षांची मुलगी इतर सर्व कामांत सज्ञान असूनहि त्या वाटेनें गेल्यास बापाची सही विचारली जाते. परंतु त्याच कायद्याच्या सहाव्या भागांत दोघेंहि भारतीय ख्रिस्ती असल्यास वय, हयात जोडीदार नसणें व साक्षीदार एवढेंच पाहिलें जातें. शिवाय १९५४ चा कायदा सर्वांनाच मोकळा आहे. बाप नाहीं म्हणतो म्हणून लग्नच होऊं शकत नाहीं, असें सांगणें चुकीचें आहे.

४. उदाहरणानें समजून घेऊं

समजा, सरावलीची २० वर्षांची ख्रिस्ती मुलगी आणि तलासरीकडील २३ वर्षांचा वारली मुलगा यांनीं लग्नाचें ठरविलें, व दोन्ही घरांचा विरोध आहे. त्यांनीं काय करावें?

केवळ मुलाकडील रीतीनें लग्न लावून भागणार नाहीं. कारण दोघांपैकीं एक जरी ख्रिस्ती असेल तरी तें लग्न ख्रिस्ती विवाहाच्या कायद्याप्रमाणें व्हावें लागतें, नाहीं तर तें रद्दबातल ठरतें. दुसरी सरळ वाट विशेष विवाह कायद्याची. दोघांपैकीं एक जण ज्या जिल्ह्यांत निदान ३० दिवस राहिला आहे, त्या जिल्ह्याच्या विवाह अधिकाऱ्याकडे दोघांनीं लेखी नोटीस द्यावी. आपला पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ पासून ठाण्याहून वेगळा झालेला आहे, हें येथें लक्षांत घ्यावें. अधिकारी ती नोटीस आपल्या कचेरींत लावतो. आईबापांच्या घरीं ती पाठवावी असें कायद्यांत कोठेंहि नाहीं.

३० दिवसांच्या आंत कोणीहि हरकत घेऊं शकतो, परंतु ती वर सांगितलेल्या अटींपैकीं एखादी मोडते एवढ्याच कारणासाठीं. "जात वेगळी आहे", "आम्हांला पसंत नाहीं", "गांवांत तोंड दाखवितां येणार नाहीं" या हरकती कायद्याच्या दृष्टीनें हरकतीच नव्हेत. मुदत संपल्यावर, व नोटीस दिल्यापासून तीन महिन्यांच्या आंत, तीन साक्षीदारांसमक्ष दोघांनीं एकमेकांचा स्वीकार केल्याचें तोंडानें म्हणावयाचें असतें. नंतर दाखला मिळतो, आणि तो दाखला लग्नाचा निर्णायक पुरावा होय. वयाचा पुरावा, म्हणजे जन्माची नोंद किंवा शाळेचा दाखला, आपल्यापाशीं असणें फार अगत्याचें आहे.

परंतु हेंच उदाहरण थोडें बदलून पाहा. समजा, मुलगी १७ वर्षांची आहे. मग तिनें कितीहि मनापासून 'हो' म्हटलें, तरी कायदा तें ऐकत नाहीं. तिला घेऊन जाणाऱ्या मुलावर पळवून नेल्याचा आरोप येतो, आणि २०१२ च्या बालकांच्या लैंगिक संरक्षणाच्या कायद्याखालीं कठोर शिक्षा होऊं शकते. आणि हा नियम आईबापांनाहि तितकाच लागू आहे. त्यांनीं १७ वर्षांच्या मुलीचें लग्न लावून दिलें तर २००६ च्या कायद्याप्रमाणें तो गुन्हा आहे. असें लग्न त्या मुलीला सज्ञान झाल्यावर दोन वर्षांच्या आंत कोर्टांतून रद्द करून घेतां येतें. मुलगी १८ ची पण मुलगा १९ किंवा २० चा असेल, तर लग्नासाठीं थांबावें हेंच उचित. तथापि तीं दोघें सज्ञान असल्यामुळें त्यांना बळानें एकमेकांपासून दूर करण्याचा अधिकार कोणाला नाहीं, असें सुप्रीम कोर्टानें २०१८ सालीं सांगितलें.

५. धाकदपटशा झाल्यास

२००६ सालीं लता सिंग यांच्या खटल्यांत सुप्रीम कोर्टानें स्पष्ट केलें कीं, सज्ञान मुलामुलीनें जातीबाहेर लग्न केलें आणि तें आईबापांना रुचलें नाहीं, तर फार तर त्यांनीं मुलांशीं संबंध तोडावेत; परंतु धमकी, मारहाण किंवा छळ करूं नये; केल्यास पोलिसांनीं कारवाई करावी. २७ मार्च २०१८ रोजीं 'शक्ति वाहिनी' या संस्थेच्या अर्जावर त्याच कोर्टानें ठरविलें कीं, दोन सज्ञान व्यक्तींनीं लग्नाचें ठरविल्यावर कुटुंबाची, जमातीची किंवा कुळाची संमति आवश्यक नाहीं. अशा जोडप्यांना धोका असल्यास त्यांच्यासाठीं सुरक्षित निवारा, जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष व मदतीचा दूरध्वनि यांची व्यवस्था करावी, असे हुकूमहि राज्यांना दिले.

आपल्या सीमेवरील बेळगांव जिल्ह्यांतील एक प्रकरण फेब्रुवारी १९२१ नव्हे तर फेब्रुवारी २०२१ मधील, म्हणजे अगदीं अलीकडचें आहे. मुलीनें स्वतः लग्न केल्याचें कळविलें असतांहि पोलीस तिला ठाण्यांत येऊन जबाब देण्यासाठीं दडपण आणीत होते. सुप्रीम कोर्टानें त्यांची कानउघाडणी केली, आणि अशीं प्रकरणें कशीं हाताळावीं याचें शिक्षण पोलिसांना देण्यास सांगितलें.

जातीच्या पंचांविषयीं महाराष्ट्रानें स्वतंत्र कायदा केला आहे. २०१६ चा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा जुलै २०१७ पासून अमलांत आला. लग्नाच्या कारणावरून एखाद्या घराला वाळीत टाकणें, दंड मागणें, पाणवठा, स्मशान किंवा कार्यप्रसंग बंद करणें हे त्याखालीं गुन्हे आहेत. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. हा कायदा जातीप्रमाणें धर्मपंथासहि लागू आहे; तेव्हां मंडळीच्या पंचांनींहि सावध असावें.

मुलीला घरांत कोंडून ठेवणें, किंवा तिच्या मनाविरुद्ध लग्न लावण्यासाठीं तिला बळानें दुसऱ्या गांवीं नेणें, हे भारतीय न्याय संहितेप्रमाणें गुन्हे आहेत. दुसऱ्यास दहा वर्षांपर्यंत शिक्षा आहे. अशा वेळीं पोलिसांना ११२ या, व स्त्रियांच्या मदतीसाठीं १८१ या क्रमांकावर कळवावें. सज्ञान व्यक्तीला कोंडून ठेवलें असेल तर हायकोर्टांत हेबियस कॉर्पसचा अर्ज करतां येतो. मग कोर्ट त्या व्यक्तीला समक्ष आणवून तिलाच विचारतें. स्त्रिया व अनुसूचित जमातींचे लोक यांना विधि सेवा प्राधिकरणाकडून वकील फुकट मिळतो. त्याचा क्रमांक १५१०० आहे.

६. मग आईबापांचें स्थान कोणतें?

इतकें वाचून कोणी आईबाप खिन्नपणें म्हणतील, "तर मग आम्ही कोणीच नव्हे काय?" असें मुळींच नाहीं. कायद्यानें त्यांची परवानगी काढून घेतली. सल्ला काढून घेतलेला नाहीं. मुलाचें व्यसन, त्याचें कर्ज, त्याचा आधींचा संसार, घरांतील आजार, या गोष्टींची चौकशी वडील माणसें जितकी नीट करतील तितकी प्रेमांत पडलेलीं मुलें करणार नाहींत. चौकशी करून जें खरें असेल तें शांतपणें पुढें ठेवणें, थोडें थांबा असें सांगणें, आणि शेवटीं मुलांचा निर्णय ऐकून घेणें, हें आईबापांचें काम होय. उत्पत्तीच्या चोविसाव्या अध्यायांतहि वडीलधाऱ्यांची सर्व बोलणीं झाल्यावर रिबकेला बोलावून तिलाच विचारलें आहे, हें विसरूं नये. मंडळींत लग्न लागतांना वर आणि वधू या दोघांनाहि प्रश्न विचारला जातो. तो विचारण्यापूर्वींच उत्तर घरांत सक्तीनें ठरलें असेल, तर त्या विधीला अर्थ काय उरला?

तसेंच मुलांनींहि एक गोष्ट समजून घ्यावी. आईबापांनीं आशीर्वाद द्यावाच, मंडप घालावाच, किंवा स्वकष्टाच्या मिळकतींत वांटा द्यावाच, अशी सक्ति कायदा करीत नाहीं. उलट, म्हाताऱ्या व निराधार आईबापांचें पालनपोषण करण्याची जबाबदारी मुलावर व मुलीवरहि कायद्यानें आहे, आणि त्यांनीं आपल्या लग्नाला विरोध केला होता ही सबब तेथें चालत नाहीं. लग्नाचा अधिकार मिळाला म्हणून लेकरूंपण संपत नाहीं. पुष्कळ घरांत पहिलें नातवंड जें करतें तें पंचांना, वकिलांना व उपदेशकांनाहि साधत नाहीं. परंतु तो दिवस उगवण्यासाठीं मधल्या काळांत कोणी हात उगारलेला नसावा, आणि कोणी जिव्हारीं लागेल असें बोललेलें नसावें.

वर्गांत चर्चेसाठीं प्रश्न

१. रखमाबाईंच्या लग्नांत व लग्नगड्याच्या लग्नांत, संमति कोणी व कशी हिरावली? दोहोंत साम्य कोणतें?
२. विशेष विवाह कायद्याखालीं कोणत्या हरकती चालतात, व कोणत्या चालत नाहींत?
३. १७ वर्षांची मुलगी स्वतःच्या इच्छेनें लग्न करूं म्हणते. आणि १९ वर्षांच्या मुलीला तिच्या इच्छेविरुद्ध घरांत अडवून ठेवलें आहे. या दोन प्रसंगीं मंडळीनें काय करावें?
४. आपल्या गांवांत गेल्या कांहीं वर्षांत लग्नासाठीं किती घरांनीं कर्ज काढलें? तो खर्च कमी करण्यासाठीं सर्वांनीं मिळून कोणता नियम करतां येईल?
५. आपल्या मुलाच्या किंवा मुलीच्या लग्नाविषयीं आपण त्याला किंवा तिला शेवटचें केव्हां विचारलें? उत्तर ऐकून घेतलें काय?